जलपात्रांचा क्रूस : तान दुन यांच्या संगीताविषयी

प्रभू येशूच्या दुःखसहनाला संगीतरूप देण्याची ख्रिस्ती परंपरा फार जुनी आहे. पवित्र आठवड्यात शुभवर्तमानातील दुःखसहनाचा वृत्तान्त साध्या सुरावर गाण्याच्या प्रथेतून ती उगम पावली आणि अठराव्या शतकात योहान सेबास्टियन बाख या जर्मन संगीतकाराच्या हातून तिने शिखर गाठले. मत्तयच्या शुभवर्तमानावरील त्याची दुःखसहन-रचना १७२७ साली लाइपझिगच्या संत थॉमस चर्चमध्ये गुड फ्रायडेच्या सायंप्रार्थनेत प्रथम गायली गेली, असे अभ्यासक मानतात. बाख १७५० साली निवर्तला. त्याच्या निधनाला २००० साली अडीचशे वर्षे पूर्ण होणार होती; त्या निमित्ताने स्टुटगार्टची आंतरराष्ट्रीय बाख अकादमी आणि तिचे संस्थापक हेल्मुट रिलिंग यांनी आपल्या काळातील चार संगीतकारांना एकेका शुभवर्तमानावर नवी रचना करण्यास पाचारण केले. लूकचे शुभवर्तमान जर्मनीच्या वोल्फगांग रीम यांच्याकडे गेले, योहानचे रशियाच्या सोफिया गुबाइदुलिना यांच्याकडे आणि मार्कचे अर्जेंटिनात जन्मलेल्या ओस्वाल्दो गोलिहोव यांच्याकडे. ज्या शुभवर्तमानावर बाखची थोर सावली पडलेली आहे ते मत्तयचे शुभवर्तमान मात्र वाट्याला आले चीनमधल्या खेड्यात वाढलेल्या तान दुन यांच्या.

त्यांनी रंगमंचावर पाण्याने भरलेली सतरा पारदर्शक पात्रे मांडली, तीही क्रूसाच्या आकारात. बाखच्या वाद्यवृंदाच्या जागी पाणी आले. आणि हेच तान दुन त्याच वर्षी आंग ली यांच्या ‘क्राऊचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’ या तलवारबाजीच्या चित्रपटाचे संगीतकार म्हणूनही जगापुढे आले. २००१ साली त्या संगीतास ऑस्कर पारितोषिक मिळाले. एका हाताने तलवारींचा खणखणाट आणि दुसऱ्या हाताने गेथसेमनीचा आक्रोश, हा योग विलक्षण खरा. परंतु तेवढ्याने भारावून जाण्याचे कारण नाही. समीक्षकाने विचारावयाचा प्रश्न वेगळाच आहे. आपल्या मातीचा वारसा संगीतात आणणे म्हणजे नेमके काय करणे? तो वारसा रचनेच्या अंगावर घातलेला दागिना असतो, की रचनेचा कानच असतो? तान दुन यांच्या संगीतात या दोन्ही गोष्टी आढळतात. त्यांच्यातला भेद पारखणे हाच प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

तान दुन यांचा जन्म १९५७ साली हुनान प्रांतात झाला. त्यांचे बालपण ग्रामीण परिसरात गेले. अंत्यविधी, भूतबाधा, पूर्वजांचे स्मरण अशा प्रसंगी गावचा मांत्रिक दगड, पाणी, कागद यांच्या आवाजातून जे विधी करी ते त्यांनी लहानपणी पाहिले आणि ऐकले. १९६६ साली सुरू झालेल्या सांस्कृतिक क्रांतीने असल्या साऱ्या परंपरांवर घाला घातला. सुशिक्षित तरुणांना शेतीकामासाठी खेड्यांत धाडण्यात आले. तान दुनही भाताच्या शेतात राबले. मात्र तेथेच त्यांनी शेतकऱ्यांची गाणी गोळा केली व हाती येईल त्या वस्तूंची वाद्ये करून गावकऱ्यांचा एक ताफा उभा केला. पुढे पेकिंग ऑपेराच्या एका फिरत्या मंडळीची नौका बुडून तिच्यातील वादकांना जलसमाधी मिळाली, तेव्हा रिकाम्या झालेल्या जागेवर या तरुणाची वर्णी लागली. त्यांच्या आयुष्यात पाणी असे मृत्यू होऊनही आले आहे, हे वाचकाने ध्यानात ठेवावे.

सांस्कृतिक क्रांती ओसरल्यावर पेकिंगच्या मध्यवर्ती संगीत विद्यालयाचे दरवाजे पुन्हा उघडले आणि तान दुन यांना तेथे प्रवेश मिळाला. १९८३ साली ‘आध्यात्मिक प्रदूषणा’विरुद्धच्या सरकारी मोहिमेत त्यांच्या संगीतावर ठपका आला. १९८६ साली ते न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठात गेले व चाउ वेन-चुंग या ज्येष्ठ चिनी-अमेरिकन संगीतकाराच्या हाताखाली शिकले. पाश्चात्त्य संगीताचे अद्ययावत व्याकरण तेथे हस्तगत होत असतानाच त्यांना आपल्या खेड्यातले आवाज नव्याने ऐकू येऊ लागले असावेत. दूर गेल्याविना घर दिसत नाही, हा अनुभव परदेशी शिकलेल्या पुष्कळांचा असतो. तथापि, घराची आठवण येणे वेगळे आणि त्या आठवणीतून नवे घर बांधणे वेगळे.

प्रथम चित्रपटसंगीताकडे वळू. कारण बहुसंख्य श्रोत्यांची तान दुन यांच्याशी ओळख तेथेच झाली आहे. ‘क्राऊचिंग टायगर’मध्ये रात्रीच्या वेळी छपरांवरून होणारा पाठलाग आहे. चित्रपटाचा सामान्य रिवाज असा, की अशा प्रसंगी शंभर वाद्यांचा कल्लोळ माजवावा. तान दुन यांनी तेथे केवळ ताशा-नगाऱ्यांच्या जातीची तालवाद्ये ठेवली. त्यांचे आघात पावलांसारखे पडतात, थांबतात आणि पुन्हा धावू लागतात. पेकिंग ऑपेरात नटाच्या प्रत्येक हालचालीला तालवाद्य उत्तर देते. त्या नाट्यपरंपरेचे ज्ञान येथे पडद्यावर उतरले आहे. दुसरीकडे यो-यो मा यांनी वाजवलेला चेलो हा मुळात युरोपीय वाद्य असूनही दोन तारांच्या चिनी अरहूप्रमाणे सुरावरून सुरावर घसरत जातो, आणि न बोललेले प्रेम त्या घसरणीतच बोलून जाते. वाद्य पाश्चात्त्य आणि स्वभाव चिनी, ही जोड वरवरची नाही.

परंतु याच संगीताचा दुसरा भाग, विशेषतः तंतुवाद्यांच्या रुंद लाटांवर तरंगणारी गोड धून, जगातल्या कोणत्याही मोठ्या प्रेमपटात शोभून गेली असती. पुढे २००२ च्या ‘हीरो’साठी इत्झाक पर्लमन यांचे व्हायोलिन आले, २००६ च्या ‘द बँक्वेट’साठी लांग लांग यांचा पियानो आला, आणि या तिन्ही चित्रपटांच्या संगीतातून तान दुन यांनी चेलो, व्हायोलिन व पियानो यांसाठी मैफलीच्या रचनाही सिद्ध केल्या. त्या ऐकावयास सुखद आहेत. मात्र चित्र काढून घेतल्यावर त्यांतील काही भाग पोरका वाटतो. जे संगीत दृश्याला टेकून उभे होते त्याला एकट्याने चालताना धाप लागते. येथे वारसा दागिन्याच्या पातळीवर उतरला आहे, असे नाइलाजाने म्हणावे लागते.

मैफलीसाठीच लिहिलेल्या रचनांत याहून खोल पाणी आहे. १९९४ सालची ‘घोस्ट ऑपेरा’ ही क्रोनोस चतुष्टय आणि पिपा या चिनी तंतुवाद्याच्या वादक वू मान यांच्यासाठी लिहिलेली रचना. तीत बाखची एक प्रेल्युड, आईवेगळ्या मुलीचे एक चिनी लोकगीत, शेक्सपियरच्या ‘टेंपेस्ट’मधील शब्द आणि पाणी, दगड, कागद, धातू यांचे ध्वनी एकत्र येतात. नुसती यादी वाचली तर हा भेळीचा प्रकार वाटेल. प्रत्यक्षात रचनेचा आधार एकच आहे : गेलेल्या आत्म्यांशी संवाद साधणारा खेड्यातला विधी. बाख येथे पाहुणा म्हणून येत नाही. तो पूर्वज म्हणून येतो. युरोपच्या या संगीतर्षीला हुनानच्या पूर्वजांच्या पंक्तीत बसविण्याची ही कल्पना मला त्यांच्या एकूण साहित्याची किल्ली वाटते.

२००३ साली बॉस्टन सिंफनीने सादर केलेली ‘द मॅप’ ही चेलो, चित्रफीत आणि वाद्यवृंद यांसाठीची रचना याच वाटेवरची. तरुणपणी तान दुन यांना पश्चिम हुनानमध्ये दगड वाजवणारा एक वृद्ध भेटला होता. आपण पुन्हा येऊन तुमच्याकडून शिकू, असे ते त्याला सांगून आले. पुष्कळ वर्षांनी परतले तेव्हा तो वृद्ध हयात नव्हता. ती विद्याही त्याच्याबरोबर गेलेली. मग त्यांनी त्या भागातील मिआओ, तुजिया आदी जमातींची गाणी, पान ओठांशी धरून वाजवण्याची कला, नववधूचे रडगाणे, मुखवट्यांचे नृत्य यांचे चित्रण केले व ते वाद्यवृंदासमोर पडद्यावर आणले. मिआओ लोकांत एका डोंगरावरून दुसऱ्या डोंगरावर गाण्यातून साद घालण्याची रीत आहे. रचनेत पडद्यावरची तरुणी साद घालते आणि रंगमंचावरचा चेलो तिला प्रतिसाद देतो. स्तोत्रसंहितेतील स्तोत्रे दोन बाजूंनी आळीपाळीने म्हणणाऱ्या आपल्यासारख्यांना हा प्रकार परका वाटू नये. येथे लोककलावंताचा आवाज संगीतकाराने मुरंबा घालून बरणीत भरलेला नाही. तो आवाज स्वतःच्या चेहऱ्यानिशी आणि स्वतःच्या वेगाने येतो; बदलावे लागते ते वाद्यवृंदाला.

प्रत्येक वेळी हे साधले आहे असे नाही. १९९७ साली हाँगकाँग चीनकडे परत आले, त्या सोहळ्यासाठी तान दुन यांनी एक सिंफनी रचली. १९७८ साली हूबेई प्रांतातील एका सरदाराच्या कबरीत पासष्ट कांस्यघंटांचा संच सापडला होता. ख्रिस्तपूर्व पाचव्या शतकातील या घंटांपैकी प्रत्येकीतून दोन भिन्न स्वर निघतात. त्या घंटांचा नाद या रचनेत आहे, मुलांचा गायकवृंद आहे, यो-यो मा यांचा चेलोही आहे. चोवीस शतके मौन राहिलेल्या कांस्याचा तो नाद अंगावर रोमांच उभे करतो. परंतु त्याभोवतीचे संगीत पुष्कळदा राष्ट्रीय उत्सवाच्या रोषणाईसारखे झगमगते व विझते. ज्या राजवटीने चौदा वर्षांपूर्वी याच संगीतकारावर ठपका ठेवला तिच्याच समारंभासाठी त्याने लिहावे, यावर कठोर निवाडा देण्याचा अधिकार आपला नाही. एवढे मात्र खरे, की सत्तेच्या मांडवात वारसा फार लवकर तोरण बनतो. २००६ साली न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटन ऑपेराने सादर केलेल्या ‘द फर्स्ट एम्परर’ची गतही काहीशी अशीच. आरंभी पेकिंग ऑपेराच्या ढंगाने गाजणारा आवाज मोठी आशा लावतो; पुढे मात्र प्लासिदो दोमिंगो यांच्यासारख्या समर्थ गायकालाही लांबट सुरावटींत अडकून राहावे लागते. भव्यतेने अर्थाची जागा घेतली की असे होते.

आता मूळ रचनेकडे, मत्तयच्या शुभवर्तमानावर आधारलेल्या ‘वॉटर पॅशन’कडे येऊ. सुमारे दीड तासाची ही रचना सोप्रानो व बास हे दोन एकल गायक, गायकवृंद, व्हायोलिन, चेलो, संगणकीय ध्वनी आणि तालवादक यांच्यासाठी आहे. शब्द इंग्रजीत असून ते तान दुन यांनीच शुभवर्तमानाच्या आधाराने सिद्ध केले आहेत. तिचे आठ भाग असे : स्नानसंस्कार, मोह, शेवटचे भोजन, गेथसेमनीची बाग, पाषाणगीत, बरब्बाची मागणी, मृत्यू आणि भूकंप, पाणी आणि पुनरुत्थान. बास गायक क्वचित मंगोलियाकडील रीतीने एकाच कंठातून दोन स्वर काढतो. सोप्रानोच्या उंच उड्या पेकिंग ऑपेराची आठवण देतात. तालवादक हातांनी पाणी थोपटतात, ओंजळीने उचलून खाली सोडतात, पाण्यावर उलट्या तरंगणाऱ्या पात्रावर ठोके देतात. पाषाणगीतात गायकवृंद हातातले दगड एकमेकांवर वाजवतो. शुभवर्तमान जाणणाऱ्याला तेथे पेत्राचे नाव आठवल्याशिवाय राहत नाही. ज्याच्या नावाचा अर्थच खडक, त्याच्या पायाखालची वाळू त्या रात्री सरकली होती. आणि भूकंप? क्रूसावरील मृत्यूच्या क्षणी धरणी हादरल्याचे चार शुभवर्तमानकारांपैकी एकटा मत्तयच सांगतो. तान दुन यांनी आपल्या वाट्याचे शुभवर्तमान डोळसपणे वाचले आहे, याची ही साक्ष होय.

या आठ भागांची बाखच्या रचनेशी तुलना केली की एक महत्त्वाची गोष्ट लक्षात येते. बाख मत्तयच्या सव्विसाव्या अध्यायापासून आरंभ करतो आणि कबरीच्या तोंडाशी लोटलेल्या धोंडीपाशी, शोकगीताने थांबतो. गुड फ्रायडेच्या उपासनेसाठी ते यथायोग्यच होते. तान दुन यार्देन नदीपासून, म्हणजे तिसऱ्या अध्यायापासून निघतात आणि पुनरुत्थानापाशी पोहोचतात. आरंभी पाण्याचा आवाज आणि शेवटीही पाण्याचाच. बाखची रचना शुक्रवारी संध्याकाळी थांबते. तान दुन यांची शनिवारच्या रात्रीपर्यंत चालत जाते. पुनरुत्थानाच्या जागरणविधीत आपण पाण्याला आशीर्वाद देतो, स्नानसंस्काराच्या वचनांचे नूतनीकरण करतो. ख्रिस्ताच्या मरणात आपला स्नानसंस्कार झाला, असे संत पौल रोमकरांस लिहिलेल्या पत्राच्या सहाव्या अध्यायात सांगतो. मृत्यूचे पाणी आणि जीवनाचे पाणी एकच आहे, हे आपल्या श्रद्धेचे मर्म. ज्याच्या आधीचे वादक पाण्यात बुडाले आणि त्यांच्याच जागी ज्याचे संगीतजीवन सुरू झाले, त्या कलावंताच्या हाताला हे मर्म लागावे यात नवल वाटण्याजोगे काही नाही; कृतज्ञ व्हावे असे मात्र पुष्कळ आहे.

तरीही काही उणिवा नोंदविल्या पाहिजेत. बाखच्या रचनेत कथानक मधूनमधून थांबते आणि एकटा जीव बोलू लागतो : हे माझ्यामुळे झाले, मीच तो अपराधी. श्रोता तेथे प्रेक्षक राहूच शकत नाही. तान दुन यांच्याकडे विधी आहे, निसर्ग आहे, जमावाचा उन्माद आहे, अश्रू आहेत. पण पश्चात्तापाचे ते एकांतातले ‘मी’ क्षीण आहे. आपण एका महान विधीचे साक्षीदार होतो, आरोपी होत नाही. पाण्याचे प्रतीकही कधीकधी इतके विस्तारते की त्यात क्रूसाची धार बोथट होते. शिवाय २०१८ साली ड्रेस्डेन येथे त्यांची ‘बुद्ध पॅशन’ सादर झाली. तिची प्रेरणा दुनहुआंगच्या गुंफांतील भित्तिचित्रांतून आली होती. म्हणजे दुःखसहन हा त्यांच्या लेखी करुणेचा एक विश्वव्यापी आकृतिबंध आहे. म्हणून त्यांना आपल्या गोटात ओढण्याची घाई आपण करू नये. परंतु त्यांना बाहेरचे ठरविण्याचीही घाई नको. बाखच्या दुःखसहनात वारंवार येणारी, काट्यांच्या मुकुटाने जखमी झालेल्या मस्तकाला उद्देशून गायिलेली धून आज आपण परमपवित्र मानतो. मूळात ती हान्स लिओ हासलर याने १६०१ साली छापलेल्या एका प्रेमगीताची धून होती. उपासनेचे पावित्र्य सुरांना जन्मतः चिकटलेले नसते. पिढ्यान्‌पिढ्यांच्या प्रार्थनेने ते त्यांच्यात मुरत जाते.

आणि येथे हा विषय आपल्या उंबरठ्याशी येतो. दुसऱ्या व्हॅटिकन विश्वपरिषदेने १९६३ साली उपासनेविषयीच्या संविधानात लोकांच्या स्वतःच्या संगीतपरंपरेला उपासनेत योग्य स्थान द्यावे, असे स्पष्ट सांगितले. त्याच्याही साडेतीन शतके आधी फादर थॉमस स्टीफन्स यांनी ‘क्रिस्तपुराण’ ओवीत रचले, १६१६ साली ते छापले गेले, आणि ख्रिस्ताच्या दुःखसहनाची कथा मराठी माणसाच्या कानाला आधीच ठाऊक असलेल्या लयीत त्याच्यापर्यंत पोहोचली. स्टीफन्स यांनी ओवी सजावटीसाठी घेतली नव्हती; श्रोत्यांचा कान ओवीचा होता म्हणून घेतली. आज आपल्या धर्मग्रामांतील गायकवृंदांकडे अनेकदा एक की-बोर्ड असतो. त्याची एक कळ दाबली की तबला वाजतो, दुसरी दाबली की सतार वाजते. तेवढ्याने गीत भारतीय झाले, असे आपण समजतो. पाश्चात्त्य भजनाखाली तयार ठेका घालणे आणि जात्यावर दळणाऱ्या बाईच्या श्वासाची लांबी ओळखून चाल बांधणे, यांत दागिना आणि कान यांच्याएवढेच अंतर आहे.

वसईच्या किनारपट्टीवरील ख्रिस्ती घरांत हळदीची, मांडवाची, मुलगी सासरी निघतानाची गाणी ज्यांना तोंडपाठ आहेत अशा वृद्ध स्त्रिया आजही आहेत. दर वर्षी त्यांतल्या काही जणींना आपण दफनभूमीत पोहोचवतो. त्या गाण्यांच्या चाली मिस्सेत जशाच्या तशा आणाव्यात, असे माझे म्हणणे नाही. प्रत्येक सूर प्रत्येक स्थळी शोभत नाही, आणि हे ठरविण्यास प्रार्थनेची व संगीताची दोहोंची जाण लागते. पण आधी त्या ऐकल्या तर पाहिजेत. तान दुन यांच्या संगीतातून घ्यावयाचे ते त्यांची पात्रे, दगड किंवा घंटा नव्हेत. त्या वस्तू हुनानच्या आहेत आणि त्यांना तेथेच राहू द्यावे. घ्यावयाचा तो त्यांचा क्रम : प्रथम खेड्यात जाऊन बसणे, मग ऐकणे आणि त्यानंतर लिहिणे. दगड वाजवणाऱ्या त्या वृद्धाकडे परतायला त्यांना उशीर झाला होता. आपल्या धर्मग्रामांतील तरुणांपाशी आज ध्वनिमुद्रणाचे यंत्र खिशात आहे आणि आजी ओटीवर बसलेली आहे. येत्या प्रायश्चित्तकाळात गायकवृंदाच्या सरावातील एक संध्याकाळ नवे गीत बसवण्याऐवजी तिच्यापुढे बसून ऐकण्यात गेली, तर उपासनेचे काही नुकसान होणार नाही.